दर्शन, टेस्टिंग, मिसळ... आणि शेतकरी कुठंय?

डिसेंबर ते मार्च या काळात पुण्यातल्या कुठल्याही आयटी ऑफिसच्या ग्रुपवर एक पोस्टर हमखास फिरतं. शनिवारी पहाटे निघायचं, सकाळी त्र्यंबकेश्वराचं दर्शन, दुपारी व्हिनयार्ड टूर आणि पाच-सहा वाइनचं टेस्टिंग, संध्याकाळी सनसेट पॉइंटवर फोटो, रविवारी झणझणीत मिसळ चापून परत. सोमवारी सगळ्यांचे डीपी बदललेले.

मी मूळचा पिंपळगाव बसवंतचा, त्यामुळे हे पोस्टर माझ्या डोक्यात जातं. वाइनमुळे नाही, ज्याला प्यायची त्यानं खुशाल प्यावी. देवामुळेही नाही. राग याचा येतो की या अख्ख्या पॅकेजमध्ये द्राक्ष पिकवणारा एकही माणूस भेटत नाही. देव आहे, बाटली आहे, तर्री आहे. शेतकरी नाही, मजूर नाही, गाव नाही. नाशिक विकायचं, पण नाशिक दाखवायचं नाही, असा हा धंदा आहे.

"अरे टूर आहे ती, समाजशास्त्राचा पेपर नाही," असं कुणीतरी म्हणेलच. ठीक. मग जी टूर आपल्याला फार भारी वाटते तिचंच उदाहरण घेऊ. ऑनसाइटला जपानला जाऊन आलेला प्रत्येक जण ही गोष्ट सांगतो: एक दिवसाची गाइडेड ट्रिप, आधी देऊळ, मग साके चाखणं, मग एखाद्या घरी किंवा छोट्या किचनमध्ये तिथला स्वयंपाक शिकून जेवण. म्हणजे देव, दारू आणि जेवण, आपलंच पॅकेज. मग फरक कुठे?

फरक असा की तिथे या तीन गोष्टी एकाच गोष्टीचे भाग म्हणून सांगितल्या जातात. जपानमधल्या कित्येक झेन मंदिरांच्या दारात एक दगडी खांब असतो. त्यावर लिहिलेलं असतं की उग्र वासाच्या भाज्या आणि मद्य यांना या दारातून आत प्रवेश नाही. उग्र वासाच्या भाज्या म्हणजे कांदा-लसूण आणि त्यांची भावंडं! (म्हणजे आमच्या निफाड तालुक्यातलं जवळपास सगळं पीक त्या दारातच अडणार :) ) आता गंमत बघा. नारा शहराजवळ शोर्याकुजी नावाचं एक बौद्ध मंदिर आहे. पंधराव्या शतकाच्या आसपास तिथले भिक्षू स्वतः साके बनवायचे. गाळलेल्या, शुद्ध साकेचं जन्मस्थान आम्हीच, असा दगड त्यांनी आवारात उभा केलाय. ती जुनी पद्धत १९९० च्या दशकात पुन्हा सुरू केली. आता दर जानेवारीत मंदिरात विरजण तयार होतं आणि आसपासच्या साके कारखान्यांचे लोक ते घेऊन जातात. भिक्षूंनी साकेला टोपणनावसुद्धा झकास ठेवलं होतं: हान्न्यातो, म्हणजे प्रज्ञेचं गरम पाणी. त्यातला 'हान्न्या' म्हणजे आपल्याकडून तिकडे गेलेला 'प्रज्ञा'च.

दारात बंदीचा खांब आणि आवारात साकेचा दगड. ही विसंगती जपानी लोक लपवत नाहीत, तीच सांगून ते तिकिटं विकतात. साकेच्या कारखान्याबाहेर सुगी झाडाच्या पानांचा हिरवा गोळा टांगलेला असतो, ती प्रथा नाराजवळच्याच ओमिवा देवस्थानातली. नवी साके तयार झाली की ताजा गोळा चढतो, तो जसा तपकिरी होत जातो तशी साके मुरत चालली असं समजायचं. साके गाळणारे कारागीर पूर्वी उन्हाळ्यात शेती नाहीतर मासेमारी करायचे आणि हिवाळ्यात कारखान्यावर यायचे, त्यांच्या प्रांतवार संघटना होत्या. तांदूळ कुठला, पाणी कुठलं, हे सांगितल्याशिवाय पेला पुढे येत नाही. डिसेंबर २०२४ मध्ये युनेस्कोनं साके बनवण्याच्या या परंपरेला वारसा म्हणून मान्यता दिली ती काय उगीच?

आता आपली टूर. मागे एका वाइनरीत (नाव नको) गाइडनं आम्हाला चाळीस मिनिटं फिरवलं. फ्रेंच ओकचं पिंप, पेला कसा धरायचा, नाकाला पेरूचा वास येतोय का ढोबळी मिरचीचा. मी विचारलं, "द्राक्षं कुठल्या गावातली?" उत्तर आलं, "सर, नाशिक व्हॅली." अहो, व्हॅलीत माणसं राहतात! त्यांना दिंडोरी, निफाड, चांदवड असे तालुके आहेत, सातबारा आहे, सोसायटीचं कर्ज आहे. "भारताची नापा व्हॅली" म्हटलं की ते सगळं एका झटक्यात पुसलं जातं.

आणि सांगण्यासारखं काही नाही असं थोडंच आहे? ओझरला रावसाहेब गायकवाडांनी १९२५ च्या सुमारास द्राक्षं लावली, तिथून या भागाचा द्राक्षाचा प्रवास सुरू झाला असं मानतात. १९८० च्या दशकात, वाइन हा शब्द उच्चारला तरी चारचौघांच्या भुवया वर जायच्या तेव्हा, आमच्या पिंपळगावात परदेशी पाठवायला म्हणून फसफसणारी वाइन तयार झाली. नाव काय, तर 'पिंपेन'! पिंपळगावची शँपेन. याहून अस्सल ब्रँडनेम पुण्यातल्या कुठल्याही एजन्सीला सुचून दाखवावं. सुलाची पहिली वाइन आली २००० साली, राज्याचं वाइन धोरण २००१ चं, सुलाची टेस्टिंग रूम २००५ ची. पिंपेन या सगळ्यांच्या आधीची. तुमच्या गाइडनं कधी सांगितलं?

याहून महत्त्वाची गोष्ट २००९ ची आहे, ती तर कुठलाच गाइड सांगणार नाही. २००१ च्या धोरणानंतर वाइनऱ्या भराभर उभ्या राहिल्या आणि शेतकऱ्यांनी कर्ज काढून वाइनची द्राक्षं लावली. पुढे २००८ ची मंदी आली, नोव्हेंबरात मुंबईवर हल्ला झाला, हॉटेलं ओस पडली, वाइनचा खप घसरला. टाक्या भरलेल्या. काही ठिकाणी करार करूनही माल उचलला गेला नाही.

इथे एक तांत्रिक मुद्दा समजून घ्या. आपण खातो ती थॉम्सन किंवा सोनाका वेगळी आणि वाइनची शेनिन ब्लाँ, शिराझ वेगळी. वाइनच्या द्राक्षाचा मणी बारीक, साल जाड, आत बिया. ते बाजारात खायला म्हणून कोण घेणार? बिया असल्यामुळे बेदाण्यालाही चालत नाही. म्हणजे वाइनरीनं पाठ फिरवली की त्या मालाला दुसरं गिऱ्हाईकच नाही. आपल्या भाषेत, सिंगल पॉइंट ऑफ फेल्युअर. बऱ्याच जणांनी बागा तोडल्या. द्राक्षाची बाग म्हणजे काही मेथीची जुडी नाही. लोखंडी अँगल, तारा, ठिबक, आणि पहिला माल हाती यायला दोनेक वर्षं. ती कुऱ्हाडीनं तोडायची म्हणजे काय, हे टेस्टिंग रूममध्ये कळणार नाही.

"पण एवढी माहिती ठेवणार कशी?" हा प्रश्न निदान आपण आयटीवाल्यांनी तरी विचारू नये. अपेडानं २००६ साली ग्रेपनेट नावाची सिस्टिम आणली. युरोपात जाणाऱ्या द्राक्षाच्या पेटीवरून ती कुठल्या गावच्या, कुठल्या शेतकऱ्याच्या, कुठल्या प्लॉटची आहे हे शोधता येतं. का आणली? युरोपात औषधांच्या अंशावरून माल अडकत होता. म्हणजे तिकडच्या सुपरमार्केटला हवं होतं म्हणून आपण बांधापर्यंतचा डेटाबेस उभा केला. आणि पुण्याहून येऊन, तिकीट काढून, त्याच मातीवर उभ्या राहणाऱ्या माणसाला उत्तर मिळतं "नाशिक व्हॅली"! डेटा ठेवता येतो मंडळी. विचारणारा पाहिजे.

आता विरोधकांकडे वळू. ते दोन प्रकारचे आहेत.

पहिला, संस्कृतीवाला. "तीर्थक्षेत्र आणि वाइन? छे छे!" जानेवारी २०२२ मध्ये सरकारनं सुपरमार्केटात वाइन विकायला परवानगी द्यायचा निर्णय घेतला तेव्हा काय धुरळा उडाला होता आठवा. निर्णय पुढे बारगळलाच. या मंडळींना माझा एकच प्रश्न. देवळात द्राक्षांची आरास केलेली चालते, द्राक्षाचा प्रसाद चालतो, मग त्याच द्राक्षाचा रस पंधरा दिवस ठेवला की नेमका कितव्या दिवशी तो परधर्मी होतो? आणि चातुर्मासात कांदा-लसूण वर्ज्य करणारे आपण, त्याच्या आधी कांदेनवमीला भजी हाणून घेतोच की! निषेध आणि आस्वाद दोन्ही एकाच पंचांगात बसवायची कला आपल्याला जपान्यांइतकीच येते. फक्त मान्य करायची लाज वाटते. म्हणून मग सकाळी दर्शन, दुपारी टेस्टिंग आणि परतताना बाटल्यांचं खोकं डिकीत, प्रसादाच्या पिशवीखाली.

दुसरा विरोधक गंभीर आहे आणि त्याची चेष्टा करायची माझी हिंमत नाही. दारूनं उद्ध्वस्त झालेली घरं प्रत्येक गावात आहेत. महाराष्ट्रात बायकांनी मतदान करून, बाटली आडवी करून, दुकानं बंद पाडली आहेत. त्या बायका बरोबरच आहेत. पण म्हणूनच तर टूर प्रामाणिक हवी! वाइनला 'लाइफस्टाइल' म्हणायचं आणि गावातल्या दारूला 'व्यसन', ही वर्गवारी कुणी केली?

या प्रश्नाचं टोक मोहाच्या झाडापाशी जातं. निफाड-दिंडोरीच्या बागांमध्ये छाटणी, विरळणी, डिपिंग, काढणी कोण करतं? मोठ्या संख्येनं पेठ-सुरगाण्याकडून येणारे आदिवासी मजूर. त्यांच्या डोंगरात मोहाच्या फुलांची दारू पिढ्यान्‌पिढ्या बनते, देवाला चढते, पाहुण्याला दिली जाते. इंग्रजांनी १८७८ चा अबकारी कायदा आणला आणि १८९२ साली ठाणे-कुलाब्याकडे मोहाच्या फुलांवरच बंधनं घातली. स्वातंत्र्यानंतर १९४९ चा दारूबंदी कायदा आला, जो आजही लागू आहे आणि ज्याप्रमाणे प्यायला परवाना लागतो. परिणाम काय, तर मजुराची दारू 'हातभट्टी', तिच्यावर धाड. आणि त्याच मजुराच्या हातानं तोडलेल्या द्राक्षाची दारू 'अनुभव', तिच्यासाठी तिकीट. गोव्यानं काजूच्या फेणीला २००९ साली भौगोलिक मानांकन मिळवून दिलं. मध्य प्रदेशानं मोहाच्या दारूला वारसा म्हणून बाजारात आणलं. आपण मात्र ओकच्या पिंपाचं कौतुक करत बसलोय.

मग काय, टूर बंद करायच्या? अजिबात नाही. मला त्या वाढायला हव्या आहेत, पण हायवेवरून जरा खाली उतरून. पिंपळगाव नाशिकहून तासाभराच्याही आत आहे. सकाळी बाजार समितीत कांद्याचा लिलाव बघा. ट्रॅक्टरच्या रांगेतून व्यापारी फिरतात आणि अर्ध्या-एक मिनिटात एका कुटुंबाच्या चार महिन्यांच्या कष्टाचा भाव पुकारला जातो. त्या अर्ध्या मिनिटापुढे तुमचा अप्रेझल काहीच नाही. मग एखाद्या बागेत जा. ऑक्टोबरच्या छाटणीनंतर अवकाळी पाऊस आला की डावणीची फवारणी किती वेळा करावी लागते, माल नेलेला व्यापारी पैसे बुडवून पळाला की काय होतं, हे ज्याचं बुडालंय त्याच्याकडून ऐका. मग त्याच घरी जेवा. कांदा-खोबरं भाजून पाट्यावर वाटलेल्या काळ्या मसाल्याची आमटी, बाजरीची भाकरी, ठेचा. शिकायचं असेल तर भाकरी थापून बघा, पहिली फाटणारच. आणि त्या जेवणाचे, त्या वेळेचे, त्या गोष्टीचे पैसे त्या घरातल्या बाईच्या हातात द्या, टेस्टिंगला देता तेवढेच. त्यानंतर खुशाल वाइनरीत जा. शेनिन ब्लाँ तीच असेल, पण ती कुठून आली ते तुम्हाला माहीत असेल.

हे सगळं सरकार करेल, पर्यटन महामंडळ करेल, म्हणून थांबू नका. टूरवाले गिऱ्हाईक मागेल तेच दाखवतात आणि गिऱ्हाईक आपण आहोत. हॉटेल बुक करताना तीनशे रिव्ह्यू वाचणारे आपण, टेस्टिंगच्या टेबलावर एक साधा प्रश्न विचारू शकतो: ही द्राक्षं कुणाची? गावाचं नाव सांगा, शेतकऱ्याचं सांगा, या वर्षी किलोला काय भाव दिला ते सांगा. उत्तर येत नसेल तर रिव्ह्यूमध्ये तसं लिहा. दहा जणांनी लिहिलं तर गाइड पाठ करून येईल. शंभर जणांनी लिहिलं तर बाटलीवर गावाचं नाव छापून येईल.

आणि पुन्हा कुणी "नाशिक व्हॅली" म्हणालं, तर तिथेच विचारा, "कुठलं गाव?"