यंत्र मोठे की गोष्ट मोठी?

समजा, एखाद्या जादूगाराने तुमच्यापुढे एक पेटी आणून ठेवली. पेटीचे झाकण उघडताच अंधाऱ्या भिंतीवर उजेडाची चित्रे हलू लागली, बोलू लागली आणि त्यांतून एक गोष्ट उलगडत गेली. ही पेटी तुम्हांला अलिफ-लैलाच्या कथेतली वाटेल. पण माणसाने ती खरोखरच तयार केली. तिलाच आपण सिनेमा म्हणतो. या पेटीत मोठे काय? यंत्र की गोष्ट? पुष्कळ लोक म्हणतील, यंत्र. मला मात्र वाटते, गोष्टच मोठी. असे का वाटते, ते सांगतो.

सिनेमा भारतात येण्यापूर्वी, १८९२ साली कल्याणच्या महादेव गोपाळ पटवर्धन यांनी 'शांभरिक खरोलिका' नावाचा खेळ सुरू केला. काचेच्या पट्ट्यांवर हाताने चित्रे रंगवायची, ती दिव्याच्या उजेडाने पडद्यावर मोठी करून दाखवायची आणि सोबत निवेदन व गाणे करून कथा सांगायची, असा हा खेळ होता. दिवा, काच आणि भिंग एवढेच त्यातले यंत्र! पण लोक जमत ते रामायण-महाभारतातल्या कथांसाठी.

आपल्या नाशिक जिल्ह्यातल्या त्र्यंबकेश्वर येथे १८७० साली जन्मलेले दादासाहेब फाळके यांनी १९१३ साली 'राजा हरिश्चंद्र' हा मूकपट लोकांपुढे आणला. त्यासाठी ते लंडनला गेले आणि कॅमेरा घेऊन आले. घरी त्यांच्या पत्नी सरस्वतीबाई फिल्म धुण्यापासून सर्व कामांत त्यांना मदत करीत. कॅमेरा परदेशातून आणता आला. पण सत्यासाठी राज्य सोडणाऱ्या राजाची गोष्ट कोणत्याही दुकानात विकत मिळाली नसती. ती इथल्या घराघरांत आधीपासून होती.

पुढे उजेडाला आवाज मिळाला. १४ मार्च १९३१ रोजी मुंबईत अर्देशीर इराणी यांचा 'आलम आरा' हा भारतातला पहिला बोलपट झळकला. त्याची भाषा तुमच्या-आमच्या घरातली, उर्दू-हिंदी अशी होती. स्टुडिओजवळून रेल्वे जात असे. गाडीचा आवाज चित्रणात येऊ नये म्हणून बरेचसे काम रात्री, गाड्या थांबल्यावर करावे लागे. नांदगावच्या स्थानकाजवळ राहणाऱ्या मुलांना ही अडचण लगेच समजेल!

पण आज या बोलपटाची एकही प्रत उपलब्ध नाही. काही छायाचित्रे तेवढी उरली आहेत. कलावंतांनी रात्री जागून केलेले काम आपल्याला पाहता येत नाही. यंत्र बिघडले तर दुसरे आणता येते. हरवलेले काम मात्र कोणी परत आणून देत नाही.

आता आपल्या शेजारच्या मालेगावकडे पाहा. तिथे यंत्रमागांवर कापड विणले जाते. त्याच मालेगावात नासिर शेख यांनी २००० साली 'मालेगाव के शोले' हा चित्रपट तयार केला. मोठा स्टुडिओ नव्हता, महागडी साधने नव्हती. मालेगावच्या या चित्रपटांत यंत्रमागावर काम करणारे लोकच नट झाले. कॅमेरा फिरवण्यासाठी सायकल आणि बैलगाडीही उपयोगी पडली. उभे-आडवे धागे विणून कापड होते, तसे या लोकांनी उजेड, आवाज आणि गोष्ट एकत्र विणली. पुढे त्यांच्या या धडपडीवर इतरांनीही चित्रपट काढले.

कोणी म्हणेल, "चांगल्या यंत्राशिवाय गोष्ट लोकांपर्यंत पोहोचणार कशी?" हे म्हणणे अगदी खोटे नाही. पण आज मोबाइलमध्ये कॅमेरा आहे, ध्वनी आहे, पडदाही आहे. फाळक्यांजवळ नव्हते ते सारे आपल्या मुठीत आहे. तरी आपण तासन् तास दुसऱ्यांच्याच गोष्टी पाहत बसतो. याला यंत्राची उणीव कसे म्हणावे?

तुमच्या दादीला विचारा, १९७२ च्या दुष्काळात घरी पाणी कोठून येत असे? नानांना विचारा, वाफेच्या इंजिनांच्या काळात नांदगावचे स्थानक कसे होते? ते उर्दूत सांगतील; तुम्ही ते उर्दूत लिहा आणि मराठीतही लिहा, म्हणजे शेजारच्या शाळेतली मुलेही वाचतील. मग पारदर्शक कागदावर चित्रे काढा. पुठ्ठ्याच्या खोक्यात एक टॉर्च आणि समोर एक भिंग बसवा. एकाने उजेड धरावा, दुसऱ्याने आवाज काढावेत, तिसऱ्याने गोष्ट सांगावी. वर्गाची भिंत हाच तुमचा पडदा होईल.

यंत्रे दरवर्षी नवी येतील आणि जुनी होतील. पण दादीची गोष्ट आज ऐकली नाही, तर उद्या ती सांगणारे कोणी असेलच असे नाही. म्हणून मित्रांनो, आधी गोष्ट सांभाळा. यंत्र काय, मागाहूनही मिळेल.