'कचराकोंडी' मंडईत दाखवा!

वाचकहो, पुण्याच्या मंडईत भाजी घेण्यास जाता तेव्हा तेथे झाडू मारणाऱ्या माणसाचा चेहरा आपण कधी न्याहाळला आहे काय? मेथीचा भाव आपण दोनदा विचारतो. पण कालचा सडलेला पाला कोणी उचलला, हे एकदाही विचारीत नाही.

मंडईची इमारत १८८६ साली 'रे मार्केट' या नावाने उघडली गेली. जोतीराव फुले नगरपालिकेचे सभासद होते तेव्हा त्यांनी या बांधकामावरील खर्चास विरोध केला होता. पुढे त्यांचेच नाव तिला मिळाले! नाव दिले की विचार मानल्याचे समाधान लाभते, ही आपल्या शहरांची जुनी खोड आहे.

याच पुण्यातील नाट्यदिग्दर्शक अतुल पेठे यांनी महानगरपालिकेच्या सफाई कामगारांवर 'कचराकोंडी' हा माहितीपट केला. कथापटात नट दुःखाचे सोंग आणतो आणि प्रेक्षक रुमाल भिजवून घरी जातो. माहितीपटात ती पळवाट नाही. समोरचा माणस नट नसतो, आणि त्याच्या हातातील घाण आपल्याच घरातून आलेली असते. हा झाडू पिढ्यान् पिढ्या ठराविक जातींच्याच हाती का राहिला, या प्रश्नापासून मग डोळे चुकविता येत नाहीत.

कोणी म्हणेल, चित्रे काढून का दुःख हटते? कॅमेरा निघून जातो, झाडू मागे राहतो. हा आक्षेप खोटा नाही. हाताने मैला उचलविण्यास बंदी करणारा कायदा २०१३ साली झाला, तरी गटारांत माणसे गुदमरून मरतातच. तथापि पेठे कॅमेरा गुंडाळून निघून गेले नाहीत. गो. पु. देशपांडे यांचे 'सत्यशोधक' हे जोतीरावांवरील नाटक त्यांनी २०१२ च्या सुमारास याच कामगारांना बरोबर घेऊन रंगभूमीवर आणले. काल ज्यांच्याकडे कॅमेरा पाहात होता, ते आज प्रेक्षकांच्या डोळ्याला डोळा भिडवून बोलू लागले. आमच्या मते पेठ्यांच्या कामाचे खरे मोल येथे आहे. दुसऱ्याने आपली कैफियत मांडावी आणि आपण मुकाट उभे राहावे, हे बाबासाहेबांच्या समाजाला कधीच पुरेसे वाटले नाही.

आमची तक्रार निराळी आहे. असे माहितीपट पाहतो कोण? बहुधा ज्यांना ते आधीच पटलेले असतात तेच, बंद सभागृहांत बसून. ज्याने कचरा केला तो तेथे फिरकत नाही. यास्तव हा पडदा मंडईच्या आवारात, गाळे बंद झाल्यावर लावावा. गाळेवाले, हमाल आणि सदाशिव पेठेतील गिऱ्हाईक एकाच सतरंजीवर बसू देत. पहिली रांग मात्र पहाटे झाडू घेऊन येणाऱ्यांसाठी राखावी, आणि खेळ संपल्यावर प्रथम त्यांना बोलू द्यावे. महानगरपालिकेस यासाठी एक पडदा आणि दोन दिवे याहून अधिक खर्च येणार नाही.