भूमिका कुणाची?



‘भूमिका’ या शब्दाचे आपल्याकडे दोन अर्थ आहेत. नटी वठवते ती, आणि बाई चारचौघांत उभी राहून घेते ती. गेल सोंडरगार्ड या अमेरिकन अभिनेत्रीने दुसरी घेतली आणि पहिली तिच्या हातून वीस वर्षं गेली.

१८९९ साली मिनेसोटात, डेन्मार्कहून आलेल्या कुटुंबात तिचा जन्म झाला. रंगभूमीवर काम केल्यानंतर ‘अँथनी ॲडव्हर्स’ (१९३६) हा तिचा पहिला चित्रपट आला. १९३७ मध्ये ऑस्करचं सहायक अभिनेत्रीचं पारितोषिक प्रथमच दिलं गेलं, ते तिला. मुख्य कलावंतांना पुतळा आणि सहायकांना मात्र छोटी पाटी, अशी प्रतवारी तिथेही होती, आणि ती काही वर्षं चालली.

पुढे तिच्या वाट्याला आल्या त्या थंड डोक्याच्या, कारस्थानी बायका. नायिका भाबडी आणि डोकं चालवणारी ती खलनायिका, हा हिशेब आपल्यालाही परका नाही. ‘द विझार्ड ऑफ ऑझ’मधली चेटकीण आधी ती करणार होती, देखणी चेटकीण. चेटकीण कुरूपच हवी असं स्टुडिओने ठरवलं तेव्हा तिने काम सोडलं. ‘द लेटर’ (१९४०) मध्ये ती युरेशियन विधवा झाली, ‘ॲना अँड द किंग ऑफ सियाम’ (१९४६) मध्ये सयामच्या राजाची राणी. गोऱ्या नटीने रंगरंगोटी करून आशियाई बाई व्हायचं, यात त्या काळच्या हॉलिवूडला काही वावगं वाटत नव्हतं.

१९४७ मध्ये अमेरिकन संसदेच्या समितीने हॉलिवूडमधले कम्युनिस्ट शोधायला सुरुवात केली. उत्तरं नाकारणाऱ्या दहाजणांत गेलचा नवरा, दिग्दर्शक हर्बर्ट बिबरमन होता. १९५० मध्ये तो तुरुंगात गेला. नवऱ्यापायी बिचारीचं करिअर बुडालं, असं पुष्कळदा लिहिलं जातं. हे अर्धंच खरं आहे. १९५१ मध्ये समितीने खुद्द तिलाच बोलावलं आणि उत्तर देण्याचं तिनेही नाकारलं. साक्षीला जाण्याआधी तिने आपल्या युनियनला, स्क्रीन ॲक्टर्स गिल्डला, जाहीर पत्र लिहून सभासदांच्या पाठीशी उभं राहण्याची मागणी केली. गिल्डने हात झटकले. तेव्हा गिल्डचे अध्यक्ष होते रोनाल्ड रेगन. मालकांविरुद्ध उभारलेली संघटना सभासद बाईवर वेळ येताच मालकांच्या सुरात बोलू लागली. ऑस्कर मिळवलेल्या ॲन रिव्हिअर या दुसऱ्या सहायक अभिनेत्रीचंही त्याच वर्षी असंच झालं. तिचा पुढचा चित्रपट थेट १९७० चा.

आता आपल्या कामाची गोष्ट. न्यू मेक्सिकोतल्या एम्पायर झिंक कंपनीच्या खाणीत १९५० ते १९५२ असा पंधरा महिने संप चालला. मजूर बहुतेक मेक्सिकन वंशाचे. कोर्टाने संपकऱ्यांना पहारा करायला मनाई केली तेव्हा त्यांच्या बायका पहाऱ्याला उभ्या राहिल्या. पोरंबाळं घेऊन तुरुंगात गेल्या. घरी पुरुषांना चूल आणि मुलं सांभाळावी लागली. यावर काळ्या यादीतल्या मंडळींनी ‘सॉल्ट ऑफ द अर्थ’ हा चित्रपट काढला. दिग्दर्शक बिबरमन. पटकथा खाणकामगारांच्या कुटुंबांपुढे ठेवली गेली, त्यांना खटकलेले प्रसंग काढले गेले. त्यात बायका घरात पाण्याची नीट सोय मागतात आणि पुरुष म्हणतात, ते नंतर बघू. (हे वाक्य आपल्यातल्या कुणी ऐकलं नाही?)

नायिका एस्पेरान्झाची भूमिका आधी गेलसाठी ठरली होती. मुख्य भूमिका, तीही दिग्दर्शकाच्या बायकोला, आणि ती बाई बेकार. तरीही मेक्सिकन बाईची गोष्ट मेक्सिकन बाईनेच सांगावी असं ठरलं आणि ती रोझौरा रेव्हुएल्तास या मेक्सिकोतल्या अभिनेत्रीकडे गेली. आम्हाला हा निर्णय योग्यच वाटतो. पण त्याची किंमत मोजायला विसरू नये. जिच्याकडे काही उरलं नव्हतं, तिने हातचं सोडलं होतं. व्यासपीठावर कोणी बोलायचं यावर आपल्या संघटनांत वाद होतात, तेव्हा बाजूला होणारी नेहमी सुस्थितीतलीच असते असं आपण धरून चालतो. तसं नसतं. आणि जिला भूमिका मिळाली तिचंही सुखासुखी झालं नाही. चित्रीकरण चालू असतानाच रोझौराला परवान्याच्या कारणावरून अटक झाली आणि तिला मेक्सिकोला परतावं लागलं. १९५४ मध्ये चित्रपट आला तेव्हा प्रोजेक्टर चालवणाऱ्यांच्या युनियनने तो दाखवायला नकार दिला. जेमतेम डझनभर थिएटरांत तो लागला. १९९२ मध्ये मात्र त्याच अमेरिकेने जतन करण्याजोग्या राष्ट्रीय चित्रपटांच्या यादीत त्याची नोंद केली.

गेलला देव्हाऱ्यात बसवायचं कारण नाही. १९५६ मध्ये तिने ‘वुमन’ हा एकपात्री प्रयोग केला. १९६९ मध्ये, वयाच्या सत्तरीत, बिबरमनच्याच ‘स्लेव्ह्ज’मधून ती पडद्यावर परतली. १९७६ च्या ‘द रिटर्न ऑफ अ मॅन कॉल्ड हॉर्स’मध्ये ती मूळनिवासी अमेरिकन जमातीतली म्हातारी झाली आहे. पुन्हा तीच रंगरंगोटी, आणि पुन्हा सहायक भूमिका.