विश्लेषण : भाजीत घातलेली रम खरेच उडून जाते का?

रम, व्हिस्की किंवा ब्रँडी घालून चकचकीत केलेली गाजरे, रताळी, छोटे कांदे. जेवणातल्या मुख्य पदार्थाशेजारी वाढायचे हे तोंडीलावणे पूर्वी फक्त मोठ्या हॉटेलांत मिळायचे. आता मोबाइलवरच्या रेसिपी पाहून कोणीही ते घरी करू शकतो. यजमानाला कोणी विचारलेच, की ‘यात दारू आहे का?’, तर उत्तर ठरलेले असते : ‘होती, पण शिजताना उडून गेली.’

हे उत्तर अर्धेच खरे आहे. सातारा-सांगलीसारख्या भागात, जिथे एकाच पंगतीत माळकरी, लहान मुले आणि कष्टाने दारू सोडलेला माणूस शेजारी शेजारी बसतो, तिथे हे अर्धे खरे महागात पडू शकते.

‘ग्लेझ’ म्हणजे नेमके काय?

नाव परके असले तरी क्रिया आपल्या ओळखीची आहे. भाजीचे तुकडे थोड्या पाण्यात लोणी, साखर आणि मीठ घालून झाकण ठेवून शिजवायचे. भाजी मऊ होत आली की झाकण काढून आच वाढवायची. पाणी आटते, साखरेचा पाक घट्ट होतो, त्यात लोणी मिसळते आणि प्रत्येक फोडीवर चकाकणारा पातळ थर चढतो. फ्रेंच स्वयंपाकात ही पद्धत जुनी आहे.

आपल्याकडे उपवासाला तूप-गुळात परतलेले रताळ्याचे काप होतात. तेही एका अर्थाने ग्लेझच. फरक इतकाच, की परदेशी पद्धतीत पाक आटत असताना कधी कधी त्यात रम किंवा व्हिस्की ओततात.

दारूने चवीत काय फरक पडतो?

दारूतला अल्कोहोल पाण्यातही मिसळतो आणि स्निग्ध पदार्थांतले सुगंधही विरघळवतो. तो लवकर वाफ होत असल्याने ते सुगंध नाकापर्यंत पोहोचवतो. शिवाय लाकडी पिंपात मुरवलेल्या दारूत व्हॅनिला, जळक्या साखरेचा आणि लाकडाचा गंध उतरलेला असतो. गाजर, रताळे यांच्या गोडव्याला तो साजतो.

पण इथे एक गोष्ट लक्षात घ्यायला हवी. रम उसापासून होते आणि आपल्याकडे ती प्रामुख्याने साखर कारखान्यांतून निघणाऱ्या मळीपासून बनते. भारतात विकली जाणारी बरीचशी स्वस्त व्हिस्कीही मळीच्या मद्यार्कात थोडे माल्ट मिसळून आणि कॅरामेलने रंग देऊन तयार केलेली असते. म्हणजे कृष्णाकाठच्या ज्या उसाचा गूळ होतो, त्याच उसाच्या मळीची दारू होते, आणि मग आपण ‘वेगळ्या चवी’साठी ती बाटली विकत आणतो.

मग दारू उडून जात नाही का?

जाते, पण सगळी नाही. अल्कोहोल सुमारे ७८ अंश सेल्सिअसला उकळतो आणि पाणी १०० अंशांना. त्यामुळे अल्कोहोल आधी संपूर्ण निघून जाईल असे वाटते. प्रत्यक्षात तो पाण्यात पूर्ण मिसळलेला असतो. दोन्ही एकत्र वाफ होतात आणि काही भाग शेवटपर्यंत पातेल्यातच राहतो. भांडे किती पसरट, झाकण आहे की नाही, किती वेळ शिजले, यावर प्रमाण ठरते.

अमेरिकेच्या कृषी खात्याने यासाठी तयार केलेला तक्ता जगभर वापरला जातो. त्यानुसार उकळत्या पदार्थात दारू घालून लगेच आचेवरून उतरवले तर सुमारे ८५ टक्के अल्कोहोल शिल्लक राहतो. ज्वाला पेटवून दारू जाळली, म्हणजे व्हिडिओत दिसणारे ‘फ्लॅम्बे’ केले, तरी ७५ टक्के उरतो. १५ मिनिटे मंद शिजवल्यावर ४० टक्के, अर्ध्या तासाने ३५ टक्के, तासाभराने २५ टक्के आणि अडीच तासांनंतरही सुमारे ५ टक्के राहतो.

ग्लेझ केलेल्या भाजीत दारू बहुधा शेवटी पडते आणि पाच-दहा मिनिटांत भाजी ताटात येते. म्हणजे ‘उडून जाण्या’ची सर्वांत कमी संधी याच प्रकारात असते. आगीचा मोठा भपका उडाला की सगळे जळाले, असा समज होतो. तोही आकड्यांपुढे टिकत नाही.

एका ताटात किती येते?

समजा, चार जणांच्या भाजीत ६० मिलीलिटर रम घातली. आपल्याकडच्या रममध्ये साधारण ४२.८ टक्के अल्कोहोल असतो, म्हणजे त्यात सुमारे २० ग्रॅम शुद्ध अल्कोहोल आला. १५ मिनिटे शिजवल्यावर त्यातला ८ ग्रॅम उरला, तर प्रत्येकाच्या वाट्याला २ ग्रॅम येतो. ३० मिलीच्या एका पेगमध्ये सुमारे १० ग्रॅम असतो. म्हणजे एका ताटात पेगचा पाचवा हिस्सा. नुसती ज्वाला पेटवून वाढले तर हा वाटा जवळपास दुप्पट होतो.

याने निरोगी, मोठ्या माणसाला नशा चढणार नाही, हे मान्यच करायला हवे. पाव, पिकलेली केळी, शिरका यांतही नैसर्गिकरीत्या किंचित अल्कोहोल असतो आणि त्याचा आपण बाऊ करत नाही. मग एवढी चर्चा कशासाठी? कारण हा प्रश्न फक्त नशेचा नाही.

कोणासाठी हे थोडेसेही जास्त आहे?

पहिला आहे दारू सोडलेला माणूस. व्यसनमुक्तीच्या उपचारात काही रुग्णांना डॉक्टर डायसल्फिराम नावाची गोळी देतात. ही गोळी चालू असताना दारू पोटात गेली तर शरीरात ॲसिटाल्डिहाइड साचते. चेहरा लाल होतो, डोके ठणकते, उलट्या होतात, छातीत धडधडते, रक्तदाब घसरू शकतो. म्हणूनच अशा रुग्णांना सॉस, खोकल्याची औषधे, पदार्थ यांतली लपलेली दारूही टाळायला सांगतात. गोळी बंद केल्यावरही सुमारे दोन आठवडे हा धोका राहू शकतो.

गोळी नसली तरी वास आणि चव पुरेशी असते. वर्षभर बाटलीकडे न पाहिलेल्या माणसाच्या जिभेवर रमची चव येणे म्हणजे काय, हे त्याच्या घरच्यांना विचारावे.

दुसरी आहेत मुले. महाराष्ट्रात बिअर आणि वाइनसाठी वयाची अट २१ वर्षे, तर रम-व्हिस्कीसाठी २५ वर्षे आहे. पंगतीत बसलेल्या आठ वर्षांच्या मुलाला ‘गोड गाजर’ म्हणून काय वाढले, हे त्याच्या आईला कळायला नको का? गर्भवती महिलेलाही डॉक्टर दारू पूर्ण टाळायला सांगतात.

तिसरे आहेत नेमधर्म पाळणारे. गळ्यात माळ असलेल्या माणसासाठी प्रश्न ग्रॅमचा नसतो, शब्दाचा असतो. तो मोडायचा की नाही, हे ठरवायचा हक्क त्याचाच आहे.

सातारा-सांगलीत हा प्रश्न वेगळा का?

या पट्ट्याचे दारूशी नाते दुहेरी आहे. एकीकडे ऊस आणि द्राक्षे हे इथले अर्थकारण. सांगली जिल्ह्यात पलूसला वाइन उद्योगासाठी स्वतंत्र पार्क उभारले गेले, तासगाव भागातला बेदाणा देशभर जातो, साखर कारखान्यांच्या डिस्टिलऱ्या चालतात.

दुसरीकडे दारूविरोधाची परंपराही इथलीच. मिरजेत वैद्यकीय शिक्षण घेतलेल्या डॉ. नरेंद्र दाभोलकर यांनी साताऱ्यात ‘परिवर्तन’ ही व्यसनमुक्तीसाठी काम करणारी संस्था सुरू केली. जावळी तालुक्यातल्या महिलांनी मतदानातून बाटली आडवी करून दुकाने बंद करायला लावली. २७ जानेवारी २०२२ रोजी राज्य मंत्रिमंडळाने सुपरमार्केटमध्ये वाइन विकण्यास मान्यता दिली. द्राक्ष उत्पादकांचा फायदा हा सरकारचा युक्तिवाद होता. त्यानंतर काही दिवसांतच साताऱ्यात वारकरी विरोधासाठी रस्त्यावर उतरले.

या वादात कोणतीही बाजू घ्या. दोन्ही बाजूंना मान्य व्हावी अशी एक गोष्ट आहे : दारू समोर ठेवलेली असली तर माणूस हो किंवा नाही म्हणू शकतो. भाजीत मिसळून न सांगता वाढली, तर तो पर्यायच उरत नाही.

घरात करायचेच असेल तर?

स्वयंपाकात दारू वापरणे पाप आहे, असे म्हणण्याचे कारण नाही. ज्याला आवडते त्याने जरूर करावे. पण काही पथ्ये पाळावीत.

• बाटलीतून थेट कढईत ओतू नये. आधी वाटीत मोजून घ्यावी, गॅस बंद करावा, मग घालावी. रमची वाफ चटकन पेट घेते आणि ज्वाला बाटलीपर्यंत येऊ शकते.

• चिमणी बंद ठेवावी. पदर, ओढणी आणि मुले दूर असावीत.

• दारू घातल्यावर झाकण न ठेवता पसरट भांड्यात जास्त वेळ शिजवावी. तरीही ‘शून्य’ झाली असे समजू नये.

• बिनदारूची भाजी वेगळ्या भांड्यात, वेगळ्या डावाने काढून ठेवावी.

• आणि वाढण्याआधी सांगावे. हॉटेल असेल तर मेन्यूत पदार्थाच्या नावापुढेच मराठीत स्पष्ट लिहावे.

दारूशिवाय ती चव येते का?

बरीचशी येते, आणि त्याचे उत्तर आपल्या गुऱ्हाळात आहे. कराड, शिराळा भागातल्या गुऱ्हाळांवर गूळ घट्ट होण्याआधी काढलेली काकवी मिळते. रममध्ये जो उसाचा दाट, किंचित जळका गोडवा शोधला जातो, तो काकवीत मुळातच असतो.

पाव किलो गाजराचे बोटभर लांब तुकडे करा. एक मोठा चमचा लोणी, पाऊण वाटी पाणी, मीठ आणि दोन लवंगा घालून झाकणाखाली सहा-सात मिनिटे शिजवा. झाकण काढून दीड मोठा चमचा काकवी, थोडे किसलेले आले आणि गरम पाण्यात भिजवलेले मूठभर बेदाणे घाला. आच वाढवून पाणी आटू द्या. या वेळी कढईसमोरून हलू नका, काकवी लवकर करपते. फोडी चमकू लागल्या की गॅस बंद करून मिरपूड आणि अर्ध्या लिंबाचा रस घाला. आंबटपणामुळे गोडवा तोंडात बसत नाही. रमचा तो नाकात चढणारा झणका यात नाही, हे खरे. पण पंगतीतल्या प्रत्येकाला ही भाजी बिनधास्त वाढता येते.

मग मुद्दा काय?

आपल्याकडे शेंगदाण्याचे कूट घातले तरी उपवास करणाऱ्याला विचारून वाढतात. कांदा-लसूण न खाणाऱ्या पाहुण्यासाठी वेगळी भाजी काढतात. हीच रीत रमलाही लावायची आहे, जास्त काही नाही. ‘काका, यात रम आहे हं, तुमच्यासाठी दुसरी काढली आहे’, एवढे एक वाक्य पुरते. पाहुणा घेईल किंवा नको म्हणेल. ‘उडून गेली’ असे सांगून त्याच्या वतीने निर्णय घेण्याचा अधिकार मात्र यजमानाला नाही, आणि हॉटेललाही नाही.