कॅमेरा म्हणे जड असतो!

परवा व्येरा खितिलोव्हाचा 'डेझीज' (१९६६) पुन्हा पाहिला. दोन पोरींचा नुसता धुमाकूळ! दिग्दर्शन बाईचं, पटकथेत आणि वेशभूषेत एस्तेर क्रुम्बाखोव्हा. आणि कॅमेरा? यारोस्लाव्ह कुचेराचा, म्हणजे दिग्दर्शिकेच्या नवऱ्याचा. माणूस अफलातून, माझं भांडण त्याच्याशी नाहीच.

पण त्या काळातले नावाजलेले चेक छायालेखक आठवून बघा: कुचेरा, ओंद्रिचेक, चुरिक. सगळे बाप्ये. प्रागची फामू ही फिल्मशाळा १९४६ सालची, खितिलोव्हा तिथेच शिकली. मग कॅमेऱ्यामागे बाई का नाही? विचारलं की ठरलेलं उत्तर: "कॅमेरा जड असतो हो!"

अहो, छायालेखकाचं काम प्रकाश ठरवणं, लेन्स निवडणं, चौकट बांधणं. मोठ्या सेटवर उचलाउचलीला वेगळी माणसं असतात. हॉलिवूडमध्ये तरी काय? ऑस्कर १९२९ पासून, आणि छायालेखनासाठी बाईला पहिलं नामांकन २०१८ मध्ये, रेचल मॉरिसनला.

छायालेखिकेचं करिअर डिप्लोमावर नाही, कुणीतरी विश्वासाने दिलेल्या पहिल्या फिल्मवर उभं राहतं. कॅमेरे केव्हाच हलके झाले. जड जातो तो अख्खी फिल्म बाईच्या नजरेवर सोपवायचा निर्णय. तेवढं कबूल करा, वजनाचं नंतर बोलू.