बत्तीला रंग का देतात

गेल्या महिन्यात एका तरुण वास्तुविशारदाने एका जुन्या दीपगृहाच्या जतनाचा आराखडा अभिप्रायासाठी पाठवला. मोजमापे नेटकी, फोटो उत्तम, भेगांची नोंद केसाएवढ्या भेगेपर्यंत. शिफारशींतली पहिलीच ओळ मात्र अशी : बाहेरच्या रंगाचे सगळे थर खरवडून मूळ दगड उघडा करावा. पुढे आठवडाभरात सिंधुदुर्गातल्या निवतीला जाणे झाले. तिथे जाळे विणत बसलेल्या एका तांडेलाला मी सहज विचारले की बत्तीचा, म्हणजे दीपगृहाचा, रंग काढून टाकला तर कसे दिसेल. त्याने सुई थांबवली नाही. "रंग काढलो तर दिवसाचा आमी काय बघूचा?" एवढेच म्हणाला.

आराखड्यावरचा माझा अभिप्राय याहून लांब होता, चांगला नव्हता.

दीपगृह रात्री उजेडाने ओळखतात आणि दिवसा रंगाने. मागे हिरवा डोंगर असेल तर पांढरे, मागे आभाळ असेल तर काळे-पांढरे किंवा तांबडे-पांढरे पट्टे, असा त्यामागचा साधा हिशेब. नौकानयनाच्या पुस्तकांत दिव्याच्या नोंदीशेजारी मनोऱ्याचा आकार आणि रंगही छापलेला असतो. म्हणजे रंग हा वास्तूवर नंतर चढलेला मळ नव्हे, तो तिच्या कामाचा भाग. गडकोटांवर काम करून आपल्या हाताला दगड उघडा करायची सवय लागली आहे. काही ठिकाणी ती बरोबर असते. बत्तीवर ती नेली, तर जतनाच्या नावाखाली आपण नकाशातली एक खूण पुसतो.

निवतीच्या किनाऱ्यावरून पश्चिमेला पाहिले की समुद्रात खडकांचा एक पुंजका दिसतो. इंग्रजी नकाशांत त्याचे नाव व्हेंगुर्ला रॉक्स किंवा बर्न्ट आयलंड्स, किनाऱ्यावर मात्र लोक निवती रॉक म्हणतात. वेंगुर्ल्याच्या बंदराशेजारच्या टेकडीवर आहे ती बत्ती वेगळी. सिंधुदुर्गातल्या दीपगृहांवर काम करणाऱ्याने हा नावांचा गोंधळ आधी सोडवावा, कारण कागद वेंगुर्ल्याच्या नावाने सापडतील आणि आठवणी निवतीच्या. देवगडच्या किल्ल्यात 1915 ची बत्ती आहे, पण कारवारसमोरच्या ऑयस्टर रॉक बेटालाही तिथले लोक देवगडच म्हणतात आणि त्याच्यावरही 1864 चे दीपगृह आहे. एकाची कागदपत्रे दुसऱ्याच्या फायलीत लावली गेली, तर नवल नाही.

निवतीसमोरच्या खडकांवर पहिली बत्ती लागली ती 1870 च्या सुमारास. तो काळच बत्त्यांचा होता. अलप्पुळा 1862, आग्वाद 1864, खांदेरी आणि रत्नागिरी 1867, मुंबईत कुलाब्यापुढची प्रोंग्ज 1875. पंधरा वर्षांच्या आत अर्धा पश्चिम किनारा उजळला. मुंबईचा कापूस, वाढती आगबोट वाहतूक आणि 1869 मध्ये खुला झालेला सुवेझ कालवा, ही त्यामागची मोठी कारणे. वेंगुर्ल्याला स्वतःचेही एक कारण होते. बेळगावच्या छावणीचा आणि दक्षिण महाराष्ट्राचा माल घाटाखाली उतरून याच बंदरातून जाई. मार्मागोव्याची रेल्वे झाल्यावर तो माल तिकडे वळला, वेंगुर्ले ओसरले. बत्ती मात्र राहिली, कारण ती केवळ बंदरासाठी नव्हती. ती बाहेरून जाणाऱ्यांना खडकांपासून दूर ठेवण्यासाठीही होती.

सनावळ्यांबाबत आपल्या क्षेत्रात जरा ढिलाई आहे, म्हणून एक आडवळण. विजयदुर्गावरच्या 'साहेबाच्या ओट्या'वरून इंग्रज खगोलशास्त्रज्ञ लॉकियरने 1868 च्या सूर्यग्रहणात हेलियम शोधला, असे आपण सगळेच सांगत आलो. त्या 18 ऑगस्टच्या ग्रहणाला लॉकियर भारतात नव्हता. त्याचे निरीक्षण इंग्लंडातले, ऑक्टोबरमधले. ग्रहण पाहणारा फ्रेंच खगोलशास्त्रज्ञ जॅन्सन होता तो गुंटूरला. दीपगृहांभोवतीही या ओट्यासारखी कथानके वाढू लागली आहेत. फलक लावण्याआधी एकदा मूळ नोंद पाहावी.

आता उंचीकडे. कोकणातली पुष्कळ दीपगृहे बुटकी का, हा प्रश्न विद्यार्थी हमखास विचारतात. दिवा समुद्रसपाटीपासून किती मीटर वर आहे, त्याचे वर्गमूळ काढून 2.08 ने गुणले की तो क्षितिजापर्यंत किती सागरी मैल पोचतो ते कळते. पाहणाऱ्याच्या डोळ्याच्या उंचीचाही तसाच आकडा काढून त्यात मिळवायचा. चाळीस मीटरवरचा दिवा तेरा मैल, होडीत उभ्या माणसाचा डोळा दोन मीटरवर म्हणजे आणखी तीन, एकूण सोळा. सड्यावर किंवा बेटाच्या माथ्यावर बांधले की निम्मीअधिक उंची निसर्गच देतो. प्रोंग्जला ती सोय नव्हती. भरतीला बुडणाऱ्या खडकावरून ते उभे करायचे, म्हणून मनोरा उंच करावा लागला. वास्तूचा आकार असा गणितातून आलेला असतो. तेव्हा 'आणखी एक मजला चढवून प्रेक्षागॅलरी' अशा सूचना येतात, त्यांचे उत्तर याच गणितात आहे. दिव्याची उंची बदलली की नोंद बदलते आणि समोर भिंत आली की उजेडाचा एक तुकडाच कापला जातो.

मनोऱ्यापेक्षा मला जास्त काळजी आतल्या सामानाची वाटते. भिंत पडायला शंभर वर्षे लागतात, भिंग भंगारात जायला एक दुपार पुरते. फ्रेनेलने 1823 मध्ये फ्रान्समधल्या कोर्दुआँ दीपगृहात आपले भिंग बसवले, तिथून बत्तीचा जुना इतिहास संपून नवा सुरू झाला. काचेची वर्तुळाकार कडी, पितळी चौकट, मधोमध एक दिवा. पुढे शतकाच्या अखेरीस हे टनावारी ओझे पाऱ्याच्या हौदात तरंगवण्याची युक्ती निघाली. मग ते एका बोटाने फिरे. फिरवत ठेवायला घड्याळासारखे यंत्र, त्याचे वजन मनोऱ्याच्या मधल्या पोकळीतून हळूहळू खाली उतरे, आणि बत्तीवाला रात्रीतून पुन्हापुन्हा किल्ली देऊन ते वर चढवी. वाफेवर जळणारा रॉकेलचा दिवा आला, मग वीज, आता सौर पट्ट्या आणि मूठभर एलईडी. प्रत्येक बदलात मागचे सामान कुठे गेले, हे त्या त्या ठिकाणी विचारून लिहून ठेवायला हवे. ती मधली पोकळी कित्येक ठिकाणी फळ्या ठोकून किंवा काँक्रीट ओतून बंद केली जाते. तुमच्या छेदचित्रात ती दाखवा. आणि पारा असेल तिथे हात घालू नका. त्याची वाफ विषारी, हौदाची गळती डोळ्याला दिसतही नाही. ते काम प्रशिक्षित माणसाचे.

एक गोष्ट मला एका निवृत्त बत्तीवाल्याकडून कळली आणि मी ती कुठल्याच आराखड्यात पाहिलेली नाही. सकाळी दिवा मालवला की पहिले काम म्हणजे भिंगाभोवतीचे पडदे ओढणे. नाहीतर रात्री आतला उजेड बाहेर फेकणारे तेच भिंग दिवसा बाहेरचे ऊन आत गोळा करते आणि दिव्याचे भाग जाळते. कंदिलघराच्या छताजवळ पितळेची दांडी आणि कड्या दिसल्या, तर त्या 'नंतरची जोड' म्हणून उपटू नका. त्या पडद्याच्या आहेत.

भिंतींबद्दल आपल्या वाचकांना नवे सांगण्यासारखे थोडेच. तरी दरवर्षी तेच पाहावे लागते. चुन्यातल्या जुन्या चिऱ्याच्या किंवा दगडाच्या भिंतीवर सिमेंटचा गिलावा चढवतात. बाहेरून दोन पावसाळे भिंत झकास दिसते. खारे पाणी आत शिरायचे थांबत नाही, सुकायचे मात्र थांबते. मग मीठ गिलाव्यामागे स्फटिक धरते, लोणा फुटतो, आणि गिलावा सोलून निघताना चिऱ्याची साल घेऊन निघतो. सिमेंट जसेच्या तसे, दगड पिठासारखा. आमच्याच गावाकडच्या एका जुन्या जकात चौकीची दुरुस्ती अशी झाली. कंत्राटदार भला माणूस होता, निविदेतच 'चुना' हा शब्द नव्हता. शिंपल्यांचा चुना भिजवून मुरवायला वेळ लागतो, तो मिळेपर्यंत आर्थिक वर्ष संपते, ही खरी अडचण. दरजा भरायच्या तर पावसाळा संपल्यावर लगेच भराव्यात, म्हणजे चुन्याला सावकाश धरायला महिने मिळतात. मार्चअखेरीची घाई चुना जाणत नाही. आणि पितळी चौकटीला पोलादी स्क्रू लावू नयेत. खाऱ्या हवेत दोन धातू शेजारी आले की पोलाद आधी जाते.

कायद्याची बाजू आता पूर्वीपेक्षा बरी आहे. 1927 च्या दीपगृह कायद्यात जतनाला जागा नव्हती. त्याच्या जागी आलेल्या 2021 च्या कायद्याने केंद्र सरकारला एखादी बत्ती 'वारसा दीपगृह' म्हणून जाहीर करता येते, आणि तिचा शिक्षण, संस्कृती व पर्यटनासाठी उपयोग करता येतो. 2023 च्या सप्टेंबरात आग्वादला पहिला दीपगृह महोत्सवही भरला. जुलै 2025 मध्ये युनेस्कोच्या यादीत मराठ्यांचे बारा किल्ले गेले. त्यांत सिंधुदुर्ग आणि विजयदुर्ग आहेत, खांदेरीही आहे. खांदेरीच्या तटात 1867 ची बत्ती उभी आहे. किल्ल्याचा व्यवस्थापन आराखडा करणाऱ्यांनी तिला 'नंतरचे बांधकाम' या रकान्यात ढकलू नये, एवढीच विनंती. कोर्दुआँ 2021 मध्ये त्याच यादीत गेले ते जळत्या दिव्यासकट, आणि तिथे अजून माणसे राहतात.

निवती रॉकबद्दल मात्र माझे मत पर्यटनवाल्यांना आवडणार नाही. पुंजक्यात दोन बत्त्या आहेत : चालू आहे ती एका बेटावर, जुन्या बत्तीचे पडके अवशेष दुसऱ्यावर. या खडकांच्या गुहांत भारतीय पाकोळी लाळेची घरटी करते, कपारींत सुरय अंडी घालतात. याच शतकाच्या सुरुवातीला ही घरटी चोरून विकली जात होती, आणि चिपळूणच्या सह्याद्री निसर्ग मित्रने तिथे संरक्षणाचे काम उभे केले. जुन्या बत्तीला धक्का, पायऱ्या, कठडा आणि सेल्फीचा चौथरा दिला, तर एक पडकी भिंत वाचेल आणि तिथे आज जे जिवंत आहे ते जाईल. तिची मोजमापे घ्या, दगड आणि चुन्याचे नमुने तपासा, छायाचित्रांवरून त्रिमिती प्रतिमा करा, विणीचा हंगाम टाळून एकदाच जा, आणि मग तिला पडू द्या. पडू देणे हाही जतनाचा निर्णय असू शकतो, तो लेखी आणि कारणांसह घेतलेला असला म्हणजे झाले.

उरला प्रश्न माणसांचा. पावसाळ्यात खडकावर बोट लागत नाही. नारळी पौर्णिमेपर्यंतचा शिधा, रॉकेल, औषधे आधी न्यावी लागत, हे ज्यांनी केले ते बत्तीवाले आता ऐंशीच्या घरात आहेत. पुढच्या अंकापासून दोन पाने त्यांच्या आठवणींसाठी राखली आहेत. मुलाखत घ्याल तेव्हा वादळाच्या गोष्टी त्यांना आपणहून सांगू द्या. तुम्ही विचारा : वात कशाने कापायचात, काच कशाने पुसायचात, किल्ली किती तासांनी द्यायचात, पडदा कसल्या कापडाचा होता. उत्तर मालवणीत आले तर मालवणीतच पाठवा.