संसाराचा हिशेब : जुने कपाट, नवे दार

घरात सोयरीक जमत आली, पाहुणे येणार म्हटले, की आपले लक्ष आधी स्वयंपाकघराकडे जाते. ओट्याखालच्या कपाटांची दारे तेलकट झालेली असतात, सनमायकाचे कोपरे उडालेले असतात. मग कोणीतरी सुचवते, 'मॉड्युलर किचन करून टाका, हप्त्याने होते.' भिंगार, केडगाव, बोल्हेगावच्या घराघरांतून हल्ली हेच कानावर येते.

वाचक बंधू-भगिनींनो, आधी कागद-पेन्सिल घ्या. समजा ४०,००० रुपये वर्षाला २४ टक्के व्याजाने दोन वर्षांसाठी उचलले. घटत्या शिलकीवर व्याज धरले तरी महिन्याचा हप्ता सुमारे २,११५ रुपये येतो आणि व्याजापोटी सुमारे १०,७५० रुपये जातात. एमआयडीसीतला ओव्हरटाइम बंद झाला तरी हप्ता थांबत नाही. कर्ज काढायचेच तर शिक्षणासाठी किंवा धंद्यासाठी काढावे, दारे चकाकण्यासाठी नव्हे, असे आमचे स्पष्ट मत आहे.

यावर स्वस्त उपाय म्हणजे पाठीमागे डिंक असलेला प्लास्टिकचा चिकट कागद. हार्डवेअरच्या दुकानात किंवा गाड्यांचे रेडियम-स्टिकर करणाऱ्याकडे तो मिळतो. लाकडी, दगडी, साधा, हवा तसा रंग निघतो. पण एक गोष्ट ध्यानात ठेवा. हा कागद कपाट झाकतो, दुरुस्त करत नाही.

म्हणून आधी परीक्षा करावी. दारावर बोटाने टकटक करा. पोकळ आवाज आला, भुसा गळाला, तर वाळवी आहे. मोरीजवळचे दार फुगले असेल तर पाणी मुरले आहे. भुशाचा बोर्ड एकदा पाण्याने फुगला की पूर्ववत होत नाही. अशा दारावर कागद लावणे म्हणजे पैसे पाण्यात. आधी गळका नळ दुरुस्त करा, तेवढे एक दार बदला.

आता मापाचे पाहू. दार दोन फूट उंच व दीड फूट रुंद असेल, तर कडा दुमडायला चारही बाजूंनी एकेक इंच धरावा. म्हणजे तुकडा २६ बाय २० इंचांचा. दोन फूट पन्ह्याच्या गुंडाळीतून सहा दारांना १५६ इंच, म्हणजे १३ फूट कागद लागतो. चुकीसाठी दीड-दोन फूट जादा घ्यावा. बाजूला उरणाऱ्या पट्ट्या चौकटीला लागतात.

बिजागऱ्या व मुठी काढून दार आडवे ठेवा. धुण्याच्या सोड्याच्या कोमट पाण्यात फडके पिळून तेलकटपणा काढा, नंतर साध्या ओल्या फडक्याने पुसा आणि पूर्ण वाळू द्या. खड्ड्यांत लांबी भरा, वाळल्यावर पॉलिश पेपरने घासून धूळ पुसा. मागचा कागद एकदम काढू नका. वरची चार बोटे चिकटवा, मग एकाने मागचा कागद हळूहळू ओढावा व दुसऱ्याने जुने एटीएम कार्ड मऊ कापडात गुंडाळून मधून कडेकडे दाबत जावे. बुडबुडा राहिलाच तर सुईने टोचून हवा काढा. कोपऱ्यावर केस सुकवायच्या ड्रायरची गरम हवा दिली की कागद नीट वळतो. दुसऱ्या दिवशी सगळ्या कडा पुन्हा दाबा.

गॅसच्या शेगडीलगत मात्र हा कागद लावू नये. उष्णतेने तो मऊ पडून सुटतो आणि पेटला तर त्याचा धूर घातक असतो. घर भाड्याचे असेल तर मालकाला आधी विचारा.

हे काम दोन माणसांचे आहे हे वरून लक्षात आलेच असेल. स्वयंपाकघर बाईचे, म्हणून कामही तिचेच, हा हिशेब आता पुरे. सुट्टीच्या दिवशी पुरुषाने पेचकस हाती घ्यावा, मुलांना मापे काढायला बसवावे. एका रविवारी स्वयंपाकघर नवे दिसेल आणि सोमवारी दारात हप्तेवाला उभा राहणार नाही. सोयरीक करायला येणाऱ्यांनी माणसे पाहावीत, आणि आपणही दुसऱ्याच्या घरी गेलो तर माणसेच पाहावीत.